मुलांची नावे : अर्थ पारखून घ्या



मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात नामकरणाचा नियम आहे. ब्राह्मणाचे नाव मंगल, क्षत्रियाचे बलदर्शक, वैश्याचे धनदर्शक आणि शूद्राचे मात्र निंदादर्शक असावे, असे तो सांगतो. कचरू, दगडू, धोंड्या ही नावे आपल्या आजोबा-पणजोबांच्या पिढीत घरोघर होती. मूल जगावे म्हणून अशी नावे इतर जातींतही ठेवीत, हे खरे. पण आपल्या माणसांना मारलेल्या हाकेत ती हेटाळणी होऊन बसत. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला परमपूज्य बाबासाहेबांनी धम्मदीक्षा दिली आणि त्यानंतर आपल्या घरांत गौतम, राहुल, मिलिंद, सुजाता आले.

नाव ठेवण्याचा हक्क मिळाला. आता अर्थ तपासण्याचे कर्तव्य आहे. नावांच्या पुस्तिका आणि मोबाइलवरील याद्या प्रत्येक नावापुढे एक गोड अर्थ छापून मोकळ्या होतात. केवळ ऐकीव आहे किंवा ग्रंथात आहे म्हणून स्वीकारू नका, असे तथागतांनी कालामांना सांगितले. हीच कसोटी नावांनाही लावावी. त्यासाठी तीन प्रश्न पुरेत : शब्द कोणत्या भाषेतला? त्या नावाची व्यक्ती कोण? आणि सांगितलेला अर्थ शब्दातून निघतो काय?

मिलिंद. पुस्तिकेत अर्थ असतो 'भुंगा'. संस्कृतात तसा शब्द आहे. पण आपला मिलिंद म्हणजे ग्रीक राजा मिनँडर. त्याच्या ग्रीक नावाचे पालीत 'मिलिंद' झाले. भदंत नागसेनांना त्याने विचारलेले प्रश्न 'मिलिंदपञ्ह' या ग्रंथात आहेत. औरंगाबादच्या महाविद्यालयाला 'मिलिंद' आणि त्या परिसराला 'नागसेनवन' ही नावे आहेत, ती या जोडीवरून, भुंग्यावरून नव्हे.

राहुल. 'दुःखावर विजय मिळवणारा' असा अर्थ सर्रास छापतात. शब्दात तसे काहीच नाही. पाली परंपरेत पुत्रजन्माची वार्ता ऐकून सिद्धार्थाने 'बंधन' म्हटले, अशी कथा आहे. दुसऱ्या परंपरेत त्या वेळी चंद्रग्रहण होते, म्हणून राहूवरून नाव पडले. एकाच नावाच्या दोन वेगळ्या कथा असल्या, की नाव आधीचे आणि कथा मागाहूनच्या, असे समजणे सयुक्तिक ठरते. मग मुलाला काय सांगावे? राहुल सात वर्षांचा असताना संघात आला आणि शिकण्याची आवड असणाऱ्या भिक्खूंत अग्रणी ठरला, हे सांगावे. खोटे न बोलण्याविषयी राहुलाला केलेला उपदेश सर्वांनी ऐकावा, असे सम्राट अशोकाने राजस्थानातील बैराटच्या शिलालेखात कोरविले आहे. त्याच राहुलाच्या नावाला खोटा अर्थ चिकटवणे बरे दिसत नाही.

सुनीत. सु आणि नीत, म्हणजे चांगल्या मार्गाला नेलेला. हा अर्थ शब्दातूनच निघतो. 'थेरगाथे'तील सुनीत नीच मानलेल्या कुळातला, सुकलेली फुले काढून टाकण्याचे काम करणारा. तथागतांनी त्याला संघात घेतले. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात त्याची दीक्षा आवर्जून सांगितली आहे.

सोपाक. त्याच ग्रंथातले हे दुसरे नाव. संस्कृत 'श्वपाक', म्हणजे कुत्रे शिजवून खाणारा. ही जातीवाचक शिवीच होती. तेच नाव संघात थेराचे नाव म्हणून आदराने घेतले गेले. पुस्तिकांत ते सहसा नसते.

यावरून कोणी म्हणेल, की नावातच पुण्य आहे. तसे नाही. नामसिद्धी जातकात पापक नावाचा शिष्य चांगले नाव शोधायला निघतो. वाटेत त्याला जीवक नावाचा माणूस मेलेला दिसतो, धनपाली नावाची दासी दरिद्री आढळते आणि पंथक नावाचा माणूस वाट चुकलेला भेटतो. नाव ओळखीपुरते, मोठेपण आचरणाचे, हे उमजून तो आपले नाव न बदलताच परततो.

म्हणून नाव ठेवताना जन्मनक्षत्राचे अक्षर पाहू नका आणि छापील अर्थावर विसंबूही नका. वरचे तीन प्रश्न विचारा, मिळालेली उत्तरे वहीत लिहून ठेवा. मूल शाळेत जाऊ लागले आणि त्याने विचारले, 'माझे नाव कोणाचे?', की ती वही त्याच्या हाती द्या.

जय भीम!