बर्फाचा एकच विषय, पन्नास वर्षांचा धंदा

मागच्या व्हिडिओखाली रिसोडच्या एका मुलाने विचारलं होतं, "सर, लग्नाचं शूटिंग करतो. पण आता गल्लोगल्ली शूटिंगवाले झालेत, रेट पडले. काय करू?" दोन ओळींत उत्तर देण्यासारखं नाही, म्हणून इथे लिहितोय.

वॉरेन मिलर नावाचा एक अमेरिकन होता, जन्म १९२४. आयुष्यभर त्याने मुख्यतः स्कीइंगच्या फिल्म काढल्या. स्कीइंग म्हणजे पायाला लांब पट्ट्या बांधून बर्फाच्या उतारावरून सुसाट घसरणं. (आपल्या वाशिमला बर्फ दिसतो तो रसवंतीवर, पण धंदा समजायला तेवढा पुरे.)

दुसऱ्या महायुद्धात तो नौदलात होता. सुटल्यावर १९४६-४७च्या हिवाळ्यात मित्राबरोबर सन व्हॅली इथल्या पार्किंगमध्ये छोट्याशा ट्रेलरमध्ये राहिला. कॅन्टीनमधलं फुकटचं केचप गरम पाण्यात कालवून सूप म्हणून प्यायचे! आपल्या चुका बघायला दोघं एकमेकांचं शूटिंग करायचे. ते दाखवताना हा गमतीजमती सांगायचा आणि लोक हसायचे. तिथेच त्याला धंदा सापडला. चार मित्रांकडून शंभर-शंभर डॉलर उसने घेतले आणि १९५० मध्ये पहिली फिल्म आणली, 'डीप अँड लाइट'.

फिल्म घेऊन तो गावोगाव फिरला. पडद्याशेजारी उभं राहून स्वतः बोलायचा. नवी फिल्म दरवर्षी यायची, तीही बर्फ पडायच्या जरा आधी, म्हणजे गिऱ्हाइकाला हुक्की येते तेव्हाच. आपण शाळेची दप्तरं जूनमध्ये मांडतो, तसंच. मी सुरुवातीची दोन वर्षं दुकानात सगळंच ठेवलं होतं. अर्धा माल पडून राहिला, अजून थोडा माळ्यावर आहे.

भांडवलाचं म्हणाल तर आपले दादासाहेब फाळके बघा. १९१२ मध्ये विम्याची पॉलिसी गहाण ठेवून लंडनला गेले. आल्यावर वाटाण्याचा अंकुर कसा वाढतो याची छोटी फिल्म करून सावकाराला दाखवली. आधी नमुना, मग पैसा.

मिलरची एक गोष्ट मात्र मला खटकते. १९८०च्या दशकाच्या शेवटी त्याने कंपनी मुलाला विकली, पुढे ती दुसऱ्यांच्या हातात गेली. कंपनीबरोबर त्याचं नावही गेलं. २००९ मध्ये तो दुसऱ्या कंपनीच्या फिल्ममध्ये दिसला, तर त्याच्याच नावाच्या कंपनीने कोर्ट गाठलं! २०१८ मध्ये तो वारला.

आता रिसोडच्या भावा, तुझ्यासाठी. आपल्याकडे शंकरपट आहे. सुप्रीम कोर्टाने मे २०२३ मध्ये शर्यतींचा मार्ग मोकळा केला. बैलजोडीचा मालक स्वतःच्या जोडीचा व्हिडिओ दहादा बघतो, गावभर पाठवतो. लग्न सोडू नको, घर त्यावर चालतं. पण या हंगामात एक पट स्वखर्चाने शूट कर, चार मालकांना त्यांच्या जोडीची क्लिप दाखव आणि विकत घेतात का बघ. शूट करायच्या आधी फुटेज कोणाचं राहणार, हे आयोजकाकडून कागदावर घे. साधा कागद चालेल, सही मात्र हवी.