आपली गोष्ट आपल्या तोंडून

पोटासाठी माणूस गाव सोडतो. परमुलखात गेला की तो कोण? गावचा की शहरचा? एका हमालाने याचे उत्तर कसे दिले, ते आज पाहू.

आफ्रिकेत नायजर नावाचा देश आहे. मुलूख कोरडा. तिथली तरणी माणसे कामासाठी दूर समुद्राकाठी, आबिजान बंदरात जात. दोन्ही मुलखांवर तेव्हा फ्रेंचांचे राज्य होते.

उमारू गान्दा हा नायजरचाच. जन्म १९३५ चा. पोरवयातच तो फ्रेंचांच्या फौजेत गेला, इंडोचीनच्या लढाईत लढला. परत आला तर हाताला काम नाही. मग आबिजानला जाऊन बंदरावर ओझी वाहू लागला.

तिथे झां रूश नावाचे एक फ्रेंच गृहस्थ आले. परगावहून आलेली ही माणसे कशी जगतात, ते त्यांना चित्रपटात दाखवायचे होते. १९५७ साली त्यांनी उमारू आणि त्याच्या मित्रांची चित्रे घेतली. काम शोधणे, ओझी वाहणे, रविवारची मौज, सगळे घेतले. या मंडळींनी नावेही नवी घेतली होती, तीही सिनेनटांची! उमारू झाला एडवर्ड रॉबिन्सन.

पण ही चित्रे मुकी होती. मग बोलणार कोण? एरवी असल्या चित्रपटांत गोरा साहेब बोले आणि काळा माणूस नुसता दिसे. रूश यांनी वेगळे केले. चित्रे उमारूला दाखवली आणि म्हणाले, तूच बोल. उमारू बोलला. मजुरी, एकटेपणा, गावची नदी, लढाई, सारे त्याने सांगितले. चित्रपट १९५८ साली पुरा झाला. त्याचे नाव 'मी, एक काळा माणूस'.

एवढ्यावर उमारूचे समाधान झाले काय? नाही. आवाज त्याचा होता, पण काय दाखवावे आणि काय गाळावे, हे रूश ठरवीत. त्यातले सगळेच उमारूला पटले नव्हते. म्हणून तो स्वतः हे काम शिकला. १९६८ साली त्याने 'काबास्काबो' हा चित्रपट काढला, तोही आपल्या झर्मा भाषेत. लढाईहून एक शिपाई गावी येतो. जवळ पैसा आहे तोवर मित्र भोवती. पैसा सरला, मित्र पांगले. शिपायाचे काम उमारूनेच केले. आता नाव उसने नव्हते आणि गोष्टही उसनी नव्हती.

उमारू १९८१ साली वारला. नायजरच्या राजधानीत, नियामे शहरात, एका कलाकेंद्राला त्याचे नाव दिले आहे.

मंडळी, आपल्याकडेही कुणी ऊसतोडीला जातो, कुणी मुंबईला. त्यांच्याविषयी दुसरे पुष्कळ बोलतात. त्यांनी आपले आपण सांगितले, तर खरे काय ते कळेल. त्याला यंत्र कशाला हवे? आता आपल्याला अक्षर येते. पाटी आहे, पेन्सिल आहे.

लिहा पाहू :
१. तुमचे नाव आणि गाव.
२. तुमच्या घरातून कामासाठी कोण बाहेर गेले? कुठे?
३. त्याला गावची कोणती गोष्ट आठवत असेल?