शिराताकीची तीन स्थानके : आख्यायिका आणि वेळापत्रक

साधनांची छाननी शिकवताना मी अलीकडे एक जपानी उदाहरण घेतो, कारण ते बहुतेक विद्यार्थ्यांना आधीच ठाऊक असते. होक्काइदो बेटावरील कामी-शिराताकी हे ओसाड स्थानक रेल्वे कंपनी बंद करणार होती. पण एक मुलगी रोज तेथून शाळेला जाते असे कळल्यावर तिचे शिक्षण संपेपर्यंत, केवळ तिच्यासाठी, ते चालू ठेवले. जानेवारी २०१६ मध्ये चीनच्या सरकारी दूरचित्रवाणीने ही हकीकत समाजमाध्यमांवर दिली आणि ती जगभर पसरली. मन द्रवावे अशीच ती आहे.

आता नावांकडे पाहू. आपल्या कंग्राळी बुद्रुक आणि कंग्राळी खुर्दप्रमाणे सेकिहोकु मार्गावर शिराताकी नावाची स्थानके लागून होती : कामी म्हणजे वरची, शिमो म्हणजे खालची, क्यू म्हणजे जुनी, आणि मधली नुसती शिराताकी. ती मुलगी चढे क्यू-शिराताकीला, कामीला नव्हे. कामीला दिवसाकाठी जाणारी एक व येणारी एक अशा दोनच गाड्या थांबत. गोष्टीला तेच वेळापत्रक अधिक शोभले असावे! क्यू-शिराताकीला सकाळी शाळेकडे एक व परतीच्या तीन गाड्या होत्या. त्या स्थानकावर रोज चढणारी ती एकटी हे खरे, पण त्याच गाडीने इतरही मुले शाळेला जात.

मग बंद होण्याची तारीख तिच्या पदवीशी कशी जुळली? जपानमध्ये शालेय वर्ष मार्चमध्ये संपते, आणि रेल्वेचे मोठे वेळापत्रक-बदलही मार्चमध्येच होतात. २६ मार्च २०१६ रोजी कामी, क्यू आणि शिमो ही तिन्ही स्थानके एकदम बंद झाली. त्याच दिवशी त्याच कंपनीची शिनकानसेन ही अतिवेगवान गाडी समुद्राखालच्या सेइकान बोगद्यातून होक्काइदोत प्रथम आली. तारीख ठरली ती या वेळापत्रकाने.

खरा प्रश्न पैशाचा होता, आणि गोष्टीत नेमका तोच नाही. १९८७ साली सरकारी रेल्वेचे विभाजन झाले तेव्हा होक्काइदोची कंपनी तोट्यात चालणार हे सर्वांना माहीत होते. म्हणून तिला सुमारे ६८,००० कोटी येनांचा निधी दिला गेला. त्याच्या व्याजातून तूट भरायची. हिशेब धरला होता सात टक्क्यांहून अधिक व्याजाचा. पुढे जपानमधील व्याजदर जवळजवळ शून्यावर आले. तिकडे खेड्यांतील माणसे कमी होत गेली, मोटारी वाढल्या, आणि लहान स्थानकांना शाळकरी मुलांवाचून कोणी उरले नाही. नोव्हेंबर २०१६ मध्ये कंपनीने सुमारे १,२३७ किलोमीटर मार्ग, म्हणजे आपल्या जाळ्याचा जवळजवळ निम्मा भाग, एकटीच्या बळावर चालवणे कठीण असल्याचे जाहीर केले. सेकिहोकु मार्गही त्यात होता.

कंपनीला दयाळू ठरवले की हा हिशेब कोणी विचारत नाही. खेड्यातल्या मुलाने शाळेला कसे जायचे, आणि त्याचा खर्च कंपनीने सोसायचा, गावाने की सरकारने, हा वाद होक्काइदोत त्यानंतर वर्षानुवर्षे चालला. तो रुक्ष आहे, म्हणून तो जगभर गेला नाही. मला मात्र ती मुलगी या वादात अधिक खरी वाटते.

शिराताकीला आजही गाडी थांबते. शिमोला प्रवासी चढत नाहीत. एकेरी मार्गावर समोरासमोरच्या गाड्यांना एकमेकींना वाट देण्यापुरते ते उरले आहे. आणि शिराताकीहून पश्चिमेला कामीकावापर्यंतच्या ३७.३ किलोमीटरांत आता एकही स्थानक नाही.