एकट्याची गादी: आधी रुंदी, मग बाकीचे

नोकरीसाठी बेंगळुरूत आलेल्या मराठी मुलामुलींचा पहिला मुक्काम बहुधा पीजीत पडतो. कोरमंगला, बीटीएम लेआउट, मारथहळ्ळी, इलेक्ट्रॉनिक सिटी, भाग कोणताही असो, वाट्याला येते ती एक लोखंडी किंवा प्लायवूडची कॉट आणि तिच्यावर बसवलेली ७२ बाय ३० इंचांची पातळ गादी. वर्ष-दोन वर्षांनी स्वतःची खोली भाड्याने घेतली की गादीची खरेदी निघते. तेव्हा चर्चा होते ती फोम घ्यावा की स्प्रिंग, काथ्याची चालेल की लेटेक्सची, कडक हवी की मऊ, याची. मापाचा विचार शेवटी येतो आणि तोही ‘कॉट जेवढी, तेवढी गादी’ एवढ्यावर संपतो. हा क्रम उलटा असायला हवा, असे माझे वैद्यकीय मत आहे. एकट्या माणसाची गादी निवडताना पहिला प्रश्न रुंदीचा. प्रौढ माणसाने रोजच्या झोपेसाठी ३६ इंचांपेक्षा अरुंद गादी घेऊ नये आणि पीजीचालकांनी ती देऊ नये. ३० इंची गादी पाहुण्याला एखादी रात्र देण्यापुरती ठीक आहे.

हा आकडा शरीराच्या मापातून येतो. प्रौढ भारतीय पुरुषाच्या खांद्यांची रुंदी दंडांसकट साधारण ४५ सेंटीमीटर भरते. उताणा झोपलेला माणूस कुशीवर वळतो तेव्हा त्याचे शरीर जागच्या जागी फिरत नाही. खालचा खांदा टेकू होतो आणि सारे शरीर त्या खांद्यावर सरकते, म्हणजे खांद्यांच्या निम्म्या रुंदीइतके, सुमारे २२ सेंटीमीटर बाजूला जाते. दोन्ही कुशींवर मोकळेपणाने वळता यायचे तर ४५ अधिक २२ अधिक २२, म्हणजे ८९ सेंटीमीटर जागा लागते. ३६ इंच म्हणजे ९१ सेंटीमीटर, आणि ३० इंच म्हणजे फक्त ७६. कुशीवर पाय पोटाशी घेऊन झोपणाऱ्यांचे गणित याहून अवघड आहे. मांडी काटकोनात दुमडली तर पाठीपासून गुडघ्यापर्यंतच ५५ सेंटीमीटरच्या आसपास जागा जाते, हात पुढे टाकले तर आणखी. शिवाय स्वस्त फोमच्या कडा वजनाने दबतात, त्यामुळे कडेची दोन-तीन इंच पट्टी असून नसल्यासारखी होते. स्त्रियांचे खांदे सरासरीने अरुंद असतात, पण नितंबांची रुंदी आणि गरोदरपणातले शरीर धरले तर त्यांच्यासाठीही ३६ इंच हे किमानच ठरते.

यावर कोणी म्हणेल की झोपेत एवढे हलायचेच कशाला? हलणे हा झोपेचा दोष नाही, शरीराची ती गरज आहे. एकाच जागी दाब राहिला की तिथल्या केशवाहिन्यांतला रक्तप्रवाह मंदावतो, स्नायू आणि सांधे अवघडतात, आणि मेंदू आपल्याला पुरते जागे न करता कूस बदलायला लावतो. निरोगी माणूस तासाला एक-दोनदा तरी स्थिती बदलतो. ज्यांना स्वतःहून कूस बदलता येत नाही, त्यांना शय्याव्रण होतात. लकवा झालेल्या रुग्णाला ठरावीक वेळाने वळवण्याची सक्ती रुग्णालयात असते ती त्यासाठीच. प्रौढ माणूस झोपेत सहसा कॉटवरून पडत नाही, कारण कडेचे भान त्याला झोपेतही असते. पण अरुंद गादीवर या भानाची किंमत मोजावी लागते. कूस वळताना आधी कंबर उचलायची, मग शरीर मागे सरकवायचे आणि मग वळायचे, असा तीन टप्प्यांचा व्यायाम करावा लागतो. त्यात झोप उथळ होते, किंवा माणूस वळणेच टाळून एका अंगावर आखडून राहतो. सकाळी मान आणि खांदा धरला की दोष उशीला दिला जातो.

सर्वांत जोरकस आक्षेप आपल्या आधीच्या पिढ्यांचा दाखला देऊन घेतला जातो. आजी-आजोबा सतरंजीवर किंवा घोंगडीवर झोपत, त्यांना कुठे ३६ इंच मिळत होते? दाखला खरा आहे, निष्कर्ष चुकीचा. जमिनीला कड नसते. सतरंजीबाहेर हात गेला, पाय गेला, तरी पडण्याची भीती नसते, म्हणून जमिनीवर झोपणाऱ्याला सबंध खोलीची रुंदी मिळते. अंथरुण अरुंद असूनही वळण मोकळे राहत होते ते यामुळे. तेच अंथरुण दीड फूट उंच कॉटवर चढवले की मोकळेपण जाते आणि अरुंदपणा तेवढा उरतो. आज ज्याला जमिनीवर गादी टाकून झोपायचे आहे, त्याला रुंदीची अट सैल करता येईल. मात्र बेंगळुरूत त्याला वेगळी अडचण येते, तिच्याकडे पुढे येतो.

दुसरा आक्षेप असा की पाठीसाठी मापापेक्षा कडकपणा महत्त्वाचा, आणि डॉक्टरच तर फळीसारख्या कडक अंथरुणावर झोपायला सांगतात. सांगत होते, हे खरे. पण २००३ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये स्पेनमधील फ्रान्सिस्को कोवाच आणि सहकाऱ्यांची चाचणी प्रसिद्ध झाली. जुनाट कंबरदुखीच्या ३१३ रुग्णांपैकी काहींना कडक आणि काहींना मध्यम कडक गादी देण्यात आली, आणि ९० दिवसांनी मध्यम कडक गादीवाल्यांचे दुखणे आणि कामातली अडचण, दोन्ही अधिक कमी झाल्याचे दिसले. तेव्हा कडकपणाला महत्त्व आहेच, फक्त फळीचा आग्रह सोडायला हवा. आणि मध्यम कडक गादीचा फायदा मिळतो तो तिच्यावर नीट पसरून झोपता आले तर. खांदा दबलेल्या कडेवर आणि कंबर गादीच्या मध्यावर अशी झोप झाली, तर उत्तम दर्जाचा फोमही कणा सरळ ठेवू शकत नाही.

लांबीचा हिशेब सोपा आहे: आपल्या उंचीत १५ सेंटीमीटर मिळवावेत. उशी डोक्याच्या वर थोडी जाते आणि झोपेत पावले खाली झुकतात, म्हणून एवढी मोकळीक लागते. भारतीय पुरुषांची सरासरी उंची १६५ सेंटीमीटरच्या आसपास आहे, स्त्रियांची १५२. त्यामुळे ७२ इंच, म्हणजे १८३ सेंटीमीटर, बहुतेकांना पुरते. पाच फूट सहा इंचांच्या वरच्यांनी ७५ इंची घ्यावी, सहा फुटी माणसाने ७८ इंची.

जाडीबाबत मात्र दुकानदाराचे फार ऐकू नये. ‘आठ इंची म्हणजे अधिक आराम’ हा विक्रीचा मुद्दा झाला. सर्वसाधारण वजनाच्या माणसाला पाच-सहा इंच पुरतात. वजन ९० किलोच्या पुढे असेल तर त्याहून जाड किंवा अधिक घनतेचा फोम लागतो, नाहीतर कंबर खालच्या फळीला टेकते. मुलाकडे राहायला येणाऱ्या आईवडिलांसाठी जाडी हा सुरक्षेचा प्रश्न आहे. पाच फूट उंचीच्या स्त्रीचे गुडघ्यामागच्या खळगीपासून टाचेपर्यंतचे अंतर सुमारे १५ इंच असते. १४ इंचांच्या कॉटवर आठ इंची गादी आली की बैठक २२ इंचांवर जाते, पाय लोंबकळतात, आणि रात्री लघवीला उठताना तोल जाण्याचा धोका वाढतो. कडेवर बसल्यावर दोन्ही पावले जमिनीला पूर्ण टेकली पाहिजेत, ही कसोटी साठीपुढच्या प्रत्येकाने लावून पाहावी. पीजीतल्या दुमजली कॉटवर धोका उलट्या बाजूने येतो. वरच्या कॉटवर जाड गादी घातली की कठडा बुटका पडतो. कठडा गादीच्या पृष्ठभागापेक्षा किमान पाच इंच वर असावा, आणि सहा वर्षांखालच्या मुलाला वर झोपवू नये.

खोली लहान आहे म्हणून ३० इंची घेतली, हे कारण बहुतेक वेळा मोजून पाहिले तर टिकत नाही. राष्ट्रीय बांधकाम संहितेत एकमेव राहत्या खोलीचे किमान क्षेत्रफळ साडेनऊ चौरस मीटर, म्हणजे सुमारे १०२ चौरस फूट, आणि किमान रुंदी २.४ मीटर दिली आहे. सहा फूट लांब गादीची रुंदी सहा इंचांनी वाढवली तर खोलीतली तीन चौरस फूट जागा जाते. कपड्यांची एक खुर्ची हलवली की तेवढी जागा निघते. उतरायच्या बाजूला दोन फूट वाट मोकळी राहिली की तरुण माणसाला पुरे, वॉकर वापरणाऱ्याला तीन फूट हवी. बरे, मग ३६ वरच का थांबायचे, ४८ इंची का नाही? वजनदार शरीराच्या माणसाने किंवा गरोदर स्त्रीने जागा असेल तर जरूर घ्यावी. इतरांना माझा सल्ला ३६ चाच आहे. तेवढी गादी एकट्याला उचलून उभी करता येते, गच्चीत उन्हात टाकता येते, आणि घर बदलताना लिफ्टमध्येही मावते.

ऊन दाखवण्याचा मुद्दा या शहरात महत्त्वाचा आहे. जूनपासून ऑक्टोबरपर्यंत बेंगळुरूची हवा दमट असते आणि बऱ्याच खोल्यांत थेट ऊन येत नाही. गादीत राहणाऱ्या डस्ट माइट या सूक्ष्म किड्यांना अशी हवा मानवते. त्यांच्यामुळे सकाळच्या शिंका, नाक चोंदणे आणि दमा बळावतो. गार फरशीवर थेट टाकलेल्या फोमच्या खाली घामाची वाफ थिजते आणि बुरशी धरते. जमिनीवर झोपणाऱ्यांची अडचण म्हटले होते ती ही. त्यांनी गादी रोज सकाळी उभी करून ठेवावी किंवा खाली लाकडी पट्ट्यांची चौकट घ्यावी. कॉट भिंतीपासून तीन-चार इंच दूर असावी, विशेषतः ओल येणाऱ्या भिंतीपासून. घरात तान्हे मूल असेल तर मात्र भिंत आणि गादी यांतली, किंवा गादी आणि कॉटच्या चौकटीतली फट जीवघेणी ठरू शकते. तान्ह्याला आईच्या सिंगल गादीवर न झोपवता शेजारी वेगळ्या, सपाट आणि घट्ट पृष्ठभागावर उताणे झोपवावे. मेमरी फोम घेणाऱ्यांनी हेही लक्षात ठेवावे की तो थंडीत ताठर होतो. मेमध्ये दुकानात मऊ लागलेली गादी जानेवारीच्या पहाटे तशी लागणार नाही.

कॉट सुताराकडून करून घेतलेली असेल तर माप चौकटीच्या आतून, दोन्ही टोकांना घ्यावे. वेकफिट, कर्ल-ऑन यांसारखे गादीचे मोठे उद्योग याच शहरात वाढले आणि मापानुसार गादी करून देणारे कारागीरही इथे सहज मिळतात. पण मागणीनुसार बनवलेली गादी बहुधा परत घेत नाहीत, हे पैसे भरण्याआधी विचारून घ्यावे.

गादी बदलूनही कंबरदुखी सहा आठवड्यांत हटली नाही, पायात मुंग्या किंवा बधिरपणा आला, लघवी-शौचावरचा ताबा सुटला, ताप आला किंवा वजन घटू लागले, तर गादीचा विचार सोडून डॉक्टर गाठावा. ताबा सुटला तर त्याच दिवशी. मोठ्याने घोरणे आणि झोपेत श्वास अडणे हाही गादीचा आजार नव्हे. त्यासाठी झोपेची तपासणी लागते आणि बेंगळुरूत निम्हान्ससारख्या संस्थेत ती होते.

पुण्या-नागपुराहून, सांगली-बेळगावहून मुलांना इकडे पाठवणाऱ्या आईवडिलांना एक विनंती. पीजी ठरवताना तुम्ही भाडे, जेवण, पाणी आणि वायफाय विचारता. त्याच फोनवर गादीची रुंदीही विचारा, आणि उत्तर ३० इंच आले तर ३६ इंची कॉट आणि गादी मागून घ्या.