अंतिम मुदती आणि आपले कॅलेंडर

आमच्या वसतिगृहातून महाविद्यालयात गेलेल्या एका विद्यार्थ्याचा स्वाध्याय लिहून तयार होता. परंतु मुदत आदल्या रात्रीच संपल्याचे त्याला सकाळी कळले. घरात महाविद्यालयाची पायरी चढलेला तोच पहिला. आठवण करून देणारे कोणी नव्हते. त्याच्यासारख्यांसाठी ही रीत आम्ही येथे नोंदवीत आहोत.

अनेक महाविद्यालये २००२ साली प्रथम प्रसृत झालेली ‘मूडल’ ही प्रणाली वापरतात. तिच्या कॅलेंडरात ‘एक्स्पोर्ट’ हा पर्याय असतो. तेथे सर्व नोंदी आणि पुढील ६० दिवसांचा कालावधी निवडून दुवा मिळवावा. मग संगणकावर गूगल कॅलेंडर उघडून ‘अदर कॅलेंडर्स’जवळील अधिकचे चिन्ह दाबावे, ‘फ्रॉम यूआरएल’ निवडावे व तो दुवा तेथे चिकटवावा. एकदा जोडल्यावर या तारखा मोबाइलवरही दिसतात.

तीन गोष्टी ध्यानी ठेवाव्यात. दुव्याऐवजी फाइल उतरवून घेतली, तर केवळ त्या दिवसापर्यंतच्या नोंदी मिळतात. शिक्षकांनी नंतर मुदत बदलल्यास ती दुव्यातूनच कळते. तीही तत्काळ नव्हे, काही तासांनी. म्हणून शेवटच्या दिवशी मूळ प्रणालीतच तारीख पाहावी. आणि हा दुवा खाजगी असतो. तो कोणत्याही ग्रुपवर पाठवू नये.

वसतिगृहात घंटा शाळा वाजविते; बाहेर पडल्यावर ती आपणच बांधून घ्यावी लागते.