दमदार गड्याला आधी तपासा

नारायणगावच्या टापूत डॉक्टरकी करताना आणीबाणी म्हटली की आधी सर्पदंश आठवतो. मांत्रिकाकडं न थांबता रोग्याला गाडीत घालायचं आणि जिथं प्रतिसर्पविष आहे तिथं पोचवायचं. पाच हजार मीटरच्या आसपास घाई तीच, पण न्यायचं असतं दाट हवेकडं, म्हणजे खाली. औषधं फक्त तेवढा वेळ मिळवून देतात.

लडाखमधल्या कांग यात्से-2 या सुमारे 6,250 मीटर उंचीच्या शिखराला जुन्नर-आंबेगावची काही मंडळी निघाली, तेव्हा मी पथकाचा डॉक्टर होतो. घोडेगावकडचा एक तरुण सगळ्यांत दमदार. खिरेश्वरहून टोलार खिंडीनं हरिश्चंद्रगड तो दोराचं वेटोळं खांद्यावर टाकून, गप्पा मारत चढायचा. पण हरिश्चंद्रगड भरतो 1,424 मीटर. लेहच्या बाजारात नुसतं उभं राहिलं तरी आपण 3,500 मीटरवर असतो. विरळ हवा अंगवळणी पडायला दिवस लागतात, आणि ते पैलवानालाही चुकत नाहीत. उलट धडधाकट माणूस भरभर वर जातो आणि फसतो. डॉ. इंदर सिंग आणि सहकाऱ्यांनी 1969मध्ये उंचीच्या त्रासावर जो गाजलेला निबंध लिहिला, त्यातले 1,925 रुग्ण भारतीय जवानच होते.

निमालिंगच्या पठारावर, सुमारे 4,800 मीटरवर, हा गडी सर्वांच्या मागून पोचला. मला तिथंच शंका आली. "काही नाही डॉक्टर, गारठ्यानं खोकला झालाय," म्हणाला. रात्री खोकला वाढला, आडवं पडवेना, बसल्या जागी धाप लागू लागली. ऑक्सिमीटर गार बोटांवर खोटं बोलतो, म्हणून बोटं चोळून ऊब आणली आणि शेजारच्याच्या आकड्याशी ताडून पाहिलं. फरक मोठा होता. खरं तर बसल्या जागची धाप आकड्याची वाट बघत नाही. फुप्फुसांत पाणी साचत होतं.

सकाळपर्यंत थांबू, एवढा खर्च करून आलोय, अशी कुजबुज झालीच. ती प्रत्येक पथकात होते. ऑक्सिजन लावला, निफेडिपिन दिलं आणि त्याच रात्री हांकर गावाकडं उतरवलं, तेही घोड्यावर बसवून. कारण चालण्याच्या श्रमानं फुप्फुसांतल्या रक्तवाहिन्यांवरचा दाब आणखी चढतो. सोबत मी आणि घोडेवाला. उजाडेपर्यंत तो सलग वाक्य बोलू लागला होता.

तुम्ही जाणार असाल तर 3,000 मीटरच्या वर मुक्कामाची उंची रोज 500 मीटरपेक्षा जास्त वाढवू नका, आणि तीन-चार दिवसांनी एक दिवस थांबा. उंचीचा त्रास टाळायचं डायमॉक्स हे औषध आधी डॉक्टरांना विचारूनच घ्या. सल्फाची ॲलर्जी असेल तर ते आवर्जून सांगा. डोकेदुखी आणि मळमळ असेल तर पुढं चढू नका. सरळ रेषेत टाचेला अंगठा लावून चालताना तोल गेला, तर मेंदूला सूज आहे असं धरा. डेक्सामेथासोन द्या आणि लगेच खाली न्या, पण एकट्याला कधीच पाठवू नका.

माझ्याकडं हल्ली सल्ल्याला येतात ती शिखरवाली पोरं कमी, चारधामला निघालेले बीपी-शुगरवाले आजोबा-आजी जास्त. केदारनाथ 3,583 मीटरवर आहे आणि हेलिकॉप्टर तिथं काही मिनिटांत पोचवतं. मी त्यांना सांगतो, दर्शन घ्या, प्रसाद घ्या, पण रात्रीचा मुक्काम खालीच करा.