आधी दंडाची फोड मागा

प्रश्न : मोहोळ तालुक्यात मुरूम वाहताना माझा हायवा महसूल पथकाने पकडला. गाडी तहसीलच्या आवारात उभी आहे आणि दंडाचा एकच मोठा आकडा तोंडी सांगितला जात आहे. पोलिसांत चोरीचा गुन्हाही दाखल झाला आहे. इकडे बँकेचे हप्ते थांबत नाहीत. दंड भरून मोकळे व्हावे की कोर्टात जावे?
– एक वाहनमालक, सोलापूर जिल्हा

उत्तर : भरणे की लढणे, हे ठरवण्याआधी त्या एका आकड्याची लेखी फोड मागा, कारण त्यात दोन वेगळे दंड आहेत. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८(७) खालचा दंड खनिजाचा असतो. तो बाजारभावाच्या पाच पटींपर्यंत जातो आणि जिल्हाधिकाऱ्यांनी अधिकार दिलेला तहसीलदार तो लेखी आदेशाने लावू शकतो. कलम ४८(८) खालचा दंड वाहनाचा. २०१८ साली सुधारलेल्या नियमांत तो ट्रॅक्टर-ट्रॉलीसाठी १ लाख, डंपरसाठी २ लाख, तर पोकलेनसाठी साडेसात लाख रुपये ठरवला आहे. उदाहरणापुरता मुरमाचा भाव ब्रासला १,००० रुपये धरला, तर ४ ब्रासचा पाचपट दंड होतो २० हजार आणि हायवाचा होतो २ लाख. म्हणजे खरा भार वाहनाच्या दंडाचा आहे आणि नेमका तोच तहसीलदारांच्या अखत्यारीबाहेरचा आहे. जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जा नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते. दंड आणि वाहनाच्या बाजारभावाच्या मर्यादेतले वैयक्तिक बंधपत्र घेऊन गाडी सोडण्याचा अधिकार त्यांचा. म्हणून सुटकेचा अर्ज प्रांत कार्यालयात करा. ४८ तास उलटले म्हणजे गाडी आपोआप सुटली, असे मात्र समजू नका. तो अर्जात मांडायचा मुद्दा आहे.

अर्जाची ताकद पंचनाम्यात असते. त्याची नक्कल मिळवून बारकाईने वाचा. गाडी कुठे आणि किती वाजता अडवली, मुरूम टेपने मोजला की अंदाजे लिहिला, वाहतूक पास दाखवला होता का, त्यावरची वेळ संपली होती का, पंचांच्या सह्या कुठे झाल्या? पास खरा असेल, तर बेकायदा वाहतुकीचा पायाच डळमळतो. पास नसेल, तर ब्रासचा आकडा आणि बाजारभाव यांवरच वाद घालता येईल, आणि तेही थोडके नाही.

पोलिसांचा गुन्हा हा निराळा रस्ता आहे. खनिज कायद्याखाली कारवाई झाली की चोरीचा गुन्हा लागत नाही, हा समज सर्वोच्च न्यायालयाने २०१४ च्या ‘दिल्ली सरकार विरुद्ध संजय’ निकालात खोडून काढला. २०२० च्या ‘जयंत विरुद्ध मध्य प्रदेश’ निकालानुसार, तडजोडीचा दंड भरल्यावर खनिज कायद्याखालचा खटला थांबला, तरी चोरीचा थांबत नाही. पोलिसांच्या जप्तीतली गाडी सोडवायला भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ किंवा ५०३ खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे सुपूर्दनाम्याचा अर्ज करावा लागतो. वाहने ठाण्याच्या आवारात गंजत ठेवू नयेत, हे सर्वोच्च न्यायालयाने २००२ च्या सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात बजावले आहे. त्याचा आधार घ्या. महसूल आणि पोलीस या दोन्ही जप्त्या असतील, तर दोन्हीकडचे आदेश मिळवणे शहाणपणाचे.

यावर कोणी म्हणेल, हप्ते चालू असताना एवढा कीस कशाला, भरून टाका. गाडीची निकड असेल तर भराही. पण लेखी आदेशावर, पावती घेऊन आणि आक्षेप नोंदवून. गाडी सोडवताना द्यायच्या बंधपत्रात हे वाहन पुन्हा अशा कामाला लावणार नाही, अशी हमी असते आणि दुसऱ्यांदा सापडल्यास ती तुमच्याच विरुद्ध उभी राहते. चालकाने परस्पर माल भरला, ही सबबही महसुलात फारशी चालत नाही, कारण दंड मालकाने भरायचा, असे कलमच सांगते. चोरीच्या खटल्यात मात्र अप्रामाणिक हेतू सिद्ध करावा लागतो. तिथे तुमची अनभिज्ञता कामाची. उरला ‘वरून फोन’ करवून गाडी सोडवण्याचा मार्ग. शेजारच्या माढा तालुक्यातल्या कुर्डू गावचा मुरूम उपसा सप्टेंबर २०२५ मध्ये एका फोनवरूनच राज्यभर गाजला. फोन कोणाचाही असो, गाडी कायदेशीर सुटते ती सहीच्या आदेशाने.

मग ही वाळूचोरांना दाखवलेली पळवाट नव्हे का? भीमा, सीनेची पात्रे ओरबाडली जात असताना हा आक्षेप रास्तच आहे. पण अधिकार नसलेल्या अधिकाऱ्याचा किंवा सुनावणीविना काढलेला आदेश अपिलात कोसळतो आणि त्याचा फायदा खऱ्या चोराला होतो. रीतसर आदेश शासनाच्याही हिताचा. तसा आदेश हाती आला आणि पटला नाही, तर तहसीलदारांच्या आदेशावर प्रांतांकडे व प्रांतांच्या आदेशावर जिल्हाधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील करा. सोबत स्थगितीचा अर्ज जोडा. अधिकारच नसताना आदेश निघाला असेल किंवा अर्जावर निर्णयच होत नसेल, तर उच्च न्यायालयात रिट करता येते. या सगळ्याची सुरुवात मात्र फोड मागणाऱ्या त्या एका अर्जाने होते. तो उद्याच द्या आणि पोचेवर आवक क्रमांक घ्यायला विसरू नका.